काकूंशिवाय अल्बम नाही

आई,

आपल्या मागच्या खोलीत आमच्या रॉक अल्बमचं रेकॉर्डिंग चालू होतं. शेवटच्या गाण्यात मी ड्रम बडवत असताना तू दार ढकलून ओरडलीस, "ए बडव्या, बास कर आता! जेवण गार होतंय!" गिटारवाला म्हणाला, "राहू दे हे गाण्यात. काकूंशिवाय अल्बम नाही." अल्बम गाजला. तू मात्र जन्मभर धुसफुसत राहिलीस, "चारचौघांत माझी शोभा केलीत."

काल, तू गेल्यानंतर पहिल्यांदाच, तो आम्ही स्टेजवर वाजवला. तुझी जागा आली आणि अख्खं सभागृह ओरडलं, "ए बडव्या, बास कर आता!" नातवंडांच्या वयाची पोरंसुद्धा, अगदी तुझाच हेल काढून. सगळे हसत होते. माझे ड्रम थांबले आणि मी दाराकडे बघत बसलो.

घरी येऊन गारच जेवलो.

तुझाच,
बडव्या