साहेबांचा रुमाल

खंडेनवमी, १९९६. पावणे एमआयडीसी, नवी मुंबई.

आज कारखान्यात मशीनची पूजा होती. नवे मॅनेजर साहेब नुकतेच कुठल्याशा हॉटेलातलं ट्रेनिंग करून आलेत. म्हणे, सेनापती सैनिकांत मिसळला की सैनिक त्याच्यासाठी जीव देतात. म्हणून स्वारी आज मिसळायला आली, सोबत फोटोग्राफर घेऊन! लेथवरच्या दगडूमामांनी त्यांना टिळा लावला. फोटो निघाला आणि साहेबांनी तिथेच रुमाल काढून टिळा पुसला. सगळ्या कामगारांसमोर. अरे, निदान केबिनमध्ये जाऊन तरी पुसायचा!

वर मला म्हणतात, "सुपरवायझर, झाली ना पूजा? मशीन चालू करा, ऑर्डर अर्जंट आहे."

पुजलेलं मशीन, आजच्या दिवशी?

दगडूमामांनी हात जोडले. "सायेब, आज त्येला इसावा. दसरा हू द्या, मग बगा कसं पळवतो."

"अंधश्रद्धा," म्हणत साहेबांनी स्वतःच बटण दाबलं. कोणी जागचं हललं नाही. मशीन रिकामंच फिरत राहिलं.

तो रुमाल काही डोळ्यांपुढून जात नाही. असल्या माणसासाठी जीव देणार? घाम तरी कोण गाळेल?

संध्याकाळी केबिनमध्ये बोलावून विचारतात, "काय, लोक आता आपले झाले ना?"

मी म्हटलं, "होय साहेब."

आणि गाढवाने विश्वास ठेवला.