सातवी कमान

वर्धा,
ता. ६ जानेवारी १९५७

ती. आजोबांच्या पायी पंचफुलेचा दंडवत. वि. वि. अध्यापन वर्गात मी खुशाल आहे.

आपल्या नाल्यावरच्या दगडी पुलाचा इतिहास मी लिहिला. सव्वीस जानेवारीला तो सर्वांपुढे वाचायचा आहे. पुलाच्या कमानींचे दगड तुमच्या वडिलांनी घडवले, हे अभिमानानं लिहिलं. पण तुम्ही नेहमी सात कमानी सांगता. दिवाळीत मी तीनदा मोजल्या, पाचच भरल्या. म्हणून पाच लिहिल्या. रागावू नका. घरात पहिली शिकलेली मी. माझ्याच हातून खोटं लिहिलं गेलं तर? या काळजीनं जेवण जात नाही.

भैयाजी गुरुजींकडून उत्तर लिहवून घ्या.

तुमची,
पंचफुला

अल्लीपूर,
ता. ११ जानेवारी

चि. पंचफुलेले आज्याचे अ. उ. आ. मी सांगून राह्यलो, गुरुजी लिहून राह्यले.

पाच? म्हणजे दोन कमानी माह्या बापानं खाल्ल्या का वं? मोठ्या पुरात दोन्ही काठ गाळानं चढले, हे तुले काऊन नाई सुचलं? काल नत्थूले घेऊन गेलतो. वर्धेकडच्या काठाले कमरेइतकं खणलं, तं सहावी निंगाली! माथ्याच्या दगडावर बापाची खूण हाय, मोराचं पाऊल. हात फिरवून आलो. आता मधल्या कमानीच्या एका बाजूले तीन, तं दुसऱ्या बाजूलेबी तीनच असन. हे तं शाळेत न जाताबी समजते.

कंबर धरली हाय, पण हासून राह्यलो. जेवत जाय. सात लिहिजो.

तुहा आजा,
जंगलू

ता. क. आजोबा चिखलातून निघायलाच तयार नव्हते. — भैयाजी

वर्धा,
ता. १६ जानेवारी

ती. आजोबांना दंडवत. वि. वि. पत्र वाचलं आणि पोटभर जेवले. मैत्रीण नलू म्हणते, निबंध वाचायला आजोबांनाच बोलाव.

चूक माझीच. दिसलं तेवढंच मोजलं आणि तुमचं सांगणं खोडलं. बाईंकडून निबंध परत घेतला, पाचाच्या सहा केल्या. सात मात्र अजून लिहिल्या नाहीत. सातवीला कुणी हात लावलेला नाही ना! शनिवारच्या मोटारीनं येते. तुम्ही काठावर बसून नुसती जागा दाखवायची. नत्थूकाकांना म्हणावं, एक फावडं माझ्यासाठी ठेवा.

माया आहेच, सातवी सापडेपर्यंत तरी ती कमी करू नका.

तुमची,
पंचफुला