सख्ख्याहून सख्खा

प्रिय धाकट्या,

आधी मला चार शिव्या घालून घे, मग पुढे वाच. तुला दिलेला शब्द मी या पत्रात मोडणार आहे. फोनवर सांगायला गेलो असतो तर तू मध्येच ठेवून दिला असतास, आणि तोंडावर सांगायची माझी छाती नाही.

इकडे काम बरं चाललंय. मागच्या आठवड्यात एका औषधाच्या दुकानाची पाटी रंगवली. अक्षरं झकास आली, पण शेजारी ठेवलेला रंगाचा डबा कोपराने उडवला आणि मालकाची पायरी हिरवीगार करून ठेवली. मला तो डबा दिसलाच नव्हता. हल्ली कपाटाचं उघडं दार, शिडीपाशी उभं असलेलं माणूस, काहीबाही धडकतं. तुझी वहिनी म्हणते, हा जन्माचा धांदरट. असेनही, पण खरं कारण पुढे सांगतो.

परवा फोनवर बाबा चिडले होते. तू म्हणे पावांची अख्खी एक खेप करपवलीस. खोटं कशाला बोलू, मला आतून गंमत वाटली, कारण मी कधी करपवली नव्हती. भट्टीपुढे माझा हात चांगला होता आणि तेच बाबांचं दुखणं. मी भांडून पाट्या रंगवायला निघून गेलो, तेव्हा त्यांना वाटलं, आपली बेकरीच बुडाली. माणसाची हुबेहूब प्रत काढायला तेव्हा नुकतीच परवानगी मिळाली होती, आणि कुठल्याशा तपासणीचं माझं रक्त दवाखान्यात पडून होतं. मला कुणी विचारलं नाही. तुला तर कोण विचारणार! एके दिवशी आईचा फोन आला, तुला भाऊ झालाय, बघायला ये. आलो, पाळण्यात डोकावलो. अल्बममधला मीच तिथे पाय झाडत होतो. बाबांचा असा संताप आला की तसाच माघारी फिरणार होतो. तेवढ्यात तू भोकाड पसरलंस, म्हणून उचललं, तर डोक्यावरचा भोवरा दिसला. माझा उजवीकडे वळतो, तुझा डावीकडे. इतकं बरं वाटलं म्हणून सांगू! त्या दिवसापासून तू माझा भाऊ.

पुढचं तुला माहीतच आहे. आईने तुला माझ्या वेळापत्रकावर वाढवलं. पुढच्या वर्षीचे बूट आदल्या वर्षीच घेऊन ठेवायची, कारण पाय केवढा होणार ते तिला ठाऊक. मला ज्या वयात गालगुंड झाले, त्या वयाचा होताच तुला घरात कोंडलं, आणि तुला झालेच नाहीत. मी एकदा बुडता बुडता वाचलो म्हणून तुला पाण्याजवळ फिरकू दिलं नाही, आणि तू चोरून पोहायला शिकून आलास. तिची माया खोटी नव्हती रे. पण ती तुझ्याकडे बघताना निम्मा वेळ मला बघायची, आणि ते तुला कळायचं. यावरून आईशी झालेल्या एका भांडणानंतर तू माझ्याकडे येऊन राहिलास आणि म्हणालास, "दादा, तुझं पुढे काय काय झालं ते मला कधी सांगायचं नाही. पडायचं तर माझं मी पडेन." मी शब्द दिला आणि पाळला. टक्कल पडणार की नाही, तेवढंसुद्धा सांगितलं नाही. टोपी घालूनच भेटत आलो तुला.

त्या हिरव्या पायरीनंतर वहिनीने मला ओढतच डोळ्यांच्या डॉक्टरबाईंकडे नेलं. डोळ्यांतला दाब वाढलाय. दुखत नाही, खुपत नाही, कडेकडेचं दिसणं गुपचूप जात राहतं. माझं बरंच गेलंय. गेलेलं परत येत नाही. उरलेलं थेंबांवर टिकवायचं. शिडीवरची कामं मी सोडली. वाईट वाटतंय, खूप वाटतंय, पण पोट भरेल. मग बाईंनी विचारलं, घरात कुणी सख्खा भाऊ आहे का. मी म्हटलं, सख्ख्याहून सख्खा आहे. त्या म्हणाल्या, हे रक्तातून येतं, त्याला लगेच पाठवा. लवकर सापडलं तर नुसत्या थेंबांवर नजर जन्मभर शाबूत राहू शकते.

घरी हे सांगितलं तर आई म्हणाली, त्याला कशाला घाबरवायचं, चष्म्याच्या निमित्ताने नेऊ आणि थेंब कसले ते सांगायचंच नाही. बाबांनीही मान डोलावली. तिथे माझं डोकं फिरलं. तुला न विचारता एकदा सगळं ठरवून झालंय, ते पुन्हा माझ्या हातून होणार नाही. म्हणून हे पत्र. जायचं की नाही ते तू ठरव. नाही गेलास तरी मी पुन्हा विषय काढणार नाही, फक्त रात्री झोप येणार नाही, ते माझं मी बघेन. भोवरा उलटा निघाला, गालगुंड चुकले, तसे डोळेही तुझे तुझेच निघोत. पण बघून ये रे. मला हे सांगायला पुढे कुणी नव्हतं. तुझ्या पुढे मी आहे, आणि तुझ्याआधी जन्मल्याचा मला पहिल्यांदाच आनंद झालाय. बाकीचं काहीएक सांगणार नाही. टोपी काढणार नाही.

तुझाच,
दादा