सात सेकंदांची जागा

३ मार्च

ती. स्व. आत्यास,
सा. न. वि. वि.

चार महिने पत्र नाही, माफ कर. कामाचं निमित्त खरं आहे, पण पुरेसं नाही.

आमच्या वाहिनीच्या नव्या मालिकेत बाबांचा आवाज वाजणार आहे. पुराच्या वेळी त्यांनी रेडिओवर दिलेली बातमी घरातली माणसं ऐकताहेत, असं दृश्य आहे. फीत बुरशीने चिकटली होती, सोडवायला तीन आठवडे लागले. खरखर काढली, सुरुवातीची दोनदा टकटक आणि पुढचा सात सेकंदांचा रिकामा तुकडाही काढला. आता बाबा शेजारच्या खोलीत बोलताहेत असं वाटतं. डब्यावर मुद्रण करणाऱ्याचं नाव नाही, म्हणून श्रेयनामावलीत 'ध्वनिमुद्रण: अज्ञात' असं दिलं. कागदावर नाही ते मी मनाने भरत नाही.

नक्कल तुझ्या फोनवर पाठवली आहे. भीड न ठेवता कळव.

तुझी भाची

८ मार्च

चि. कानसेन हिला अनेक आशीर्वाद.

नक्कल चारदा ऐकली. शेजारणीला ऐकवली, तिच्या सुनेलाही. दादा म्हणजे दादाच. तुझ्या हाताला यश आहे. पण बाई, त्यातून तू मला काढून टाकलंस.

मी दादाच्या रेडिओ केंद्रावर फायली लावायची, एवढंच तुम्हा पोरांना माहीत. पुराच्या सकाळी ध्वनिमुद्रक पलीकडच्या काठावर अडकला, म्हणून यंत्र मी धरलं. खोलीतला इशाऱ्याचा लाल दिवा बंद पडला होता. तयार झाला की दादाने पेन्सिलीने टेबलावर दोनदा वाजवायचं, मी काचेआडून हात वर केला की बोलायचं, असं ठरलं. त्याने वाजवलं, पण ओठ थरथरत होते. आमचंच घर पाण्यात होतं ना. मी हात वर केला नाही. त्याचा श्वास जागेवर येईपर्यंत थांबवलं त्याला. केंद्रातून बाहेर पडताना म्हणाला, "आजची बातमी तू वाचलीस."

ते सात सेकंद रिकामे नव्हते गं. डब्यावर नाव घालायला मला कुणी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. आता तुला योग्य वाटेल ते कर.

खोकला बरा आहे. पुन्हा चार महिने लावलेस तर कान पिरगाळीन.

तुझी आत्या

१२ मार्च

ती. स्व. आत्यास,
सा. न. वि. वि.

वीस वर्षांत मी गोंगाट म्हणून जे जे काढलं, त्यात आणखी कुणाकुणाचे हात होते, हा प्रश्न आता माझी पाठ सोडणार नाही. मूळ आवाज मात्र जसाच्या तसा जपून ठेवला होता, एवढी अक्कल शाबूत होती.

दिग्दर्शक म्हणाले, सात सेकंद शांतता ठेवली तर प्रेक्षक उठून जाईल. मी वाद घातला नाही. तुझी हकिकतही सांगितली नाही, नाहीतर त्यांनी भिडेखातर होकार दिला असता. दृश्याच्या तालमीत आधी साफ केलेली नक्कल लावली, मग मूळची. दुसऱ्या वेळी टकटक झाली आणि खोलीतली सगळी माणसं थांबली. मालिकेतल्या आईचं काम करणारी नटी हातातलं भांडं तसंच धरून उभी राहिली. बाबा बोलू लागले तेव्हा कुठे तिने ते खाली ठेवलं. दिग्दर्शक एवढंच म्हणाले, "राहू दे." मग मी त्यांना तुझं पत्र वाचून दाखवलं, तर खुर्चीतून उठलेच.

शुक्रवारी संध्याकाळी सातला आमची वाहिनी लाव. शेजारीण, तिची सून, सगळ्यांना बसव आणि खुशाल मिरव. माझी मान तर आजच ताठ झाली आहे.

तुझा लोभ असाच कान पिरगाळणारा राहो.

तुझी भाची

ता. क. उद्याचं काम: नामावलीतलं 'अज्ञात' खोडून तिथे तुझं नाव घालणे.