हवेत आवळलेले बोल्ट

बिबवेवाडी, पुणे
१९ फेब्रुवारी २००५

प्रिय अपूर्वा,

पत्र कामाचं आहे. अक्षर ओळखून तू ते न वाचताच टाकून देशील ही शक्यता मी धरलेली आहे, म्हणून मुद्दा आधी लिहितो. गणपतीच्या आधी मंडईतून येताना गाडी खांबावर गेली, त्यात तुझी चूक नव्हती. ब्रेक दाबला की गाडीच डावीकडे ओढत होती. का ओढत होती ते मी तिच्या खाली जाऊन पाहिलंय. आता पुढचं वाच किंवा नको वाचूस.

तुझ्याबद्दल मला आपल्या सलिलकडून कळतं. तुमच्या कंपनीत लागल्यावर त्याने सेकंडहँड गाडी घेतली, आणि ती रस्त्यापेक्षा आमच्याच गॅरेजच्या दारात जास्त उभी असते. तोच म्हणाला, की तू हिंजवडीला कंपनीच्या बसने जातेस, लायसन्स बाबांच्या हवाली केलंस, आणि कुणी विषय काढला तर 'मी आईचा हात मोडलाय' एवढंच बोलतेस. कुसुमकाकूंच्या मनगटात धातूची पट्टी घातली, फळ्यावर लिहिता येईना म्हणून शाळेतून लांब रजा घ्यावी लागली, हेही त्यानेच सांगितलं. ऐकून मी सलिलवरच ओरडलो. त्याचा काय दोष, पण समोर तोच होता. तू केस कापलेस हेही कळलं. मला विचारलं असतंस तर नको म्हटलं असतं, पण मला विचारायचं तसं काही कारण नाही.

माझं म्हणशील तर नागोरावांच्या गॅरेजमध्ये आहे. ते आमच्या यवतमाळकडचे, म्हणून मला ठेवून घेतलं, आणि कामात चुका काढायला कंटाळत नाहीत म्हणून मी टिकलो. तिसऱ्या वर्षाच्या तोंडी परीक्षेत सरांशी भांडून मी उठलो तो परत कॉलेजात गेलो नाही, आणि 'माफी मागून ये' म्हणणाऱ्या तुझ्याशीही त्याच दमात भांडलो. ते तुला पाठ आहे. नंतरचं एवढंच, की इथे राग फार चालत नाही. गंजलेल्या बोल्टवर राग काढला की तो मोडतो, आणि मोडलेला बोल्ट काढत बसण्यात दिवस जातो, तोही आपलाच.

तर गेल्या आठवड्यात एका सकाळी मी खड्ड्यात होतो. ज्या खड्ड्यावर गाडी उभी करून खालून काम करतात तो खड्डा. तिथून फक्त चपला दिसतात. एक गाडी येऊन थांबली, पॉलिश केलेल्या चपला उतरल्या आणि आवाज आला, 'आपल्याकडे काम बघत उभं राहू देतात का?' एवढ्या आदराने एवढा संशय घेणारा माणूस पुण्यातसुद्धा एकच असेल. सहकारनगरच्या तुमच्या घरी मी एकदाच आलो होतो, तेव्हा याच आवाजात तुझ्या बाबांनी मला विचारलं होतं, सध्या आपण काय करता. मी म्हटलं, ठरवतोय. ते म्हणाले, 'छान. म्हणजे वेळ आहे.' मी चहा पीत होतो, तो एकदम संपवावासा वाटला.

मी वर आलो. तोंडाला ग्रीस लागलेलं होतं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग नागोरावांकडे वळून 'हे मिस्त्री का?' असं विचारलं. त्यांनी मला ओळखलं नाही याचं बरं वाटलं, आणि ओळखलं नाही म्हणून रागही आला. तक्रार फक्त आवाजाची होती. खांबावर आपटल्यावर पत्रा ठोकून, रंग देऊन गाडी बाहेरून ठीक केलेली, पण स्पीडब्रेकरवरून हळू जाताना पुढे खालून 'टक' असा आवाज यायचा. गाडी विकायची आहे, त्याआधी तो बंद करून हवा होता. नागोरावांनी विचारलं, चांगली गाडी आहे, विकता कशाला? बाबा म्हणाले, 'चालवणारी चालवत नाही. आणि मला संध्याकाळनंतर नीट दिसत नाही.' मग डॉक्टरकडे जायचंय म्हणून रिक्षा करून गेले. कुसुमकाकूंचा हात दाखवायचा होता, हे नंतर कळलं.

मी आवाज ऐकताच छातीठोकपणे सांगितलं की बॉल जॉइंट, म्हणजे चाकाजवळचा गोळ्याचा सांधा, गेलाय. जॅक लावला, चाक उचललं, वरखाली धरून हलवलं, आडवं धरून हलवलं. कुठेच खेळ, म्हणजे सैलपणा, नाही. बॉल जॉइंट ठणठणीत. बॉनेटवर जोर देऊन गाडी दाबली, सोडली, ती एकदा वर येऊन गप्प बसली. म्हणजे शॉकअब्सॉर्बरही ठीक. नागोराव लांबून बघत होते. म्हणाले, 'छाती ठोकून झाली असन, तं आता गाडीकडे पाह्य.' मग ते आत बसले. इंजिन चालू ठेवून गाडी हातभर पुढे, हातभर मागे, आणि दर वेळी ब्रेक. मी बाहेर उकिडवा बसून चाक बघत होतो. ब्रेक दाबला की गाडी थांबायची, पण डावं चाक थांबता थांबता बोटभर मागे सरकायचं. अपूर्वा, चाकाने फिरायचं असतं, वळायचं असतं, वरखाली व्हायचं असतं. असं मागे सरकायचं नसतं.

आता नीट वाच. चाकाला खालून धरून ठेवणारा एक लोखंडी हात असतो, त्याला लोअर आर्म म्हणतात. तो गाडीला लोखंडावर लोखंड घासत जोडत नाहीत, मध्ये रबराचे बुश असतात. बाहेर एक नळी, आत एक नळी, मध्ये दोन्हींना चिकटलेलं रबर. आतली नळी बोल्टने गाडीला घट्ट आवळलेली असते आणि बाहेरची आर्मसोबत हलते. चाक खड्ड्यात उतरलं की रबर एका बाजूला थोडं पिळतं, वर आलं की दुसऱ्या बाजूला. रस्ता सपाट असला की पीळ शून्य. एवढं ते वर्षानुवर्षं सोसतं. मी टॉमी, म्हणजे छोटी पहार, मध्ये घालून दाबली तर आर्म सरळ बाजूला झाला. रबर फाटलेलं होतं. आणि म्हातारं होऊन फाटलेलं नव्हतं. जुनं रबर कडक होतं, त्याला बारीक भेगा पडतात. हे काळंभोर, मऊ, जवळजवळ नवं होतं, आणि ओलं धोतर पिळताना फाटावं तसं गोल फाटलं होतं.

खांबाच्या धडकेने फाटलं असेल, असं तू म्हणणार. मीही म्हटलं. म्हणून उजवीकडचं उघडलं. खांब डावीकडे लागला होता, पण उजवीकडचं रबरही तसंच, त्याच बाजूला फाटत गेलेलं, फक्त जरा कमी. शिवाय फाटलेल्या कडा घासून घासून गुळगुळीत झाल्या होत्या. म्हणजे धडकेच्या पुष्कळ आधीपासून ते फाटत होतं. डावं पूर्ण सुटलं होतं. जोरात ब्रेक लावला की डावं चाक मागे जायचं, तिरकं व्हायचं आणि गाडीला आपल्याकडे ओढायचं. त्या दिवशी लक्ष्मीनगरच्या वळणावर सायकलवाला आडवा आला आणि तू ब्रेक दाबलास. बरोबर केलंस. तिथे नागोराव असते तरी गाडी खांबावरच गेली असती, आणि त्यांनी शिव्या तरी दिल्या असत्या. तू त्याही दिल्या नसशील.

असं रबर एकाच कारणाने फाटतं. बुश नवे बसवताना गाडी जॅकवर असते, चाक खाली लोंबत असतं, आर्मही खाली झुकलेला. तसाच बोल्ट कायमचा आवळला की रबर त्या लोंबत्या अवस्थेत पकडलं जातं. मग गाडी जमिनीवर टेकली, आर्म वर आला, की गाडी दारात उभी असतानासुद्धा रबर पिळलेलंच राहतं. वर्षभरात सुटतं. म्हणून आधी बोल्ट नुसते लावून ठेवायचे, गाडी चाकांवर उतरवायची, एकदोनदा दाबून बसू द्यायची, आणि मग खाली शिरून आवळायचे. त्यासाठीच खड्डा असतो.

हे कळल्यावर माझं डोकं फिरलं. कुणीतरी चार बोल्ट हवेत आवळले आणि काकूंचा हात मोडला, आणि तू सहा महिने स्वतःला गुन्हेगार ठरवून बसमध्ये बसतेयस. मी मोबाइल काढला. तुझा नंबर अजून पाठ आहे. नागोरावांनी तो हातातून काढून घेतला आणि म्हणाले, 'आपन गाडीखाली जातो, लोकाईच्या घरात नाही जात. गाडी ज्याची त्याला बोलाव.' मग तुमच्या घरी लँडलाइनवर फोन केला आणि मिस्त्री म्हणून निरोप दिला.

बाबा दुपारी आले. मी दोन्ही आर्म काढून बुशांसकट पेपरवर मांडून ठेवले होते आणि बोलायची वाक्यंही मांडून ठेवली होती. पत्र्याबरोबर मुलीलाही ठोकत बसलात, असं एक चांगलं वाक्य होतं. पण त्यांनी चष्मा पुसला, एक आर्म उचलला आणि काय झालंय ते विचारलं. मी सांगितलं तेवढं ऐकलं. मग तो आर्म फिरवून फाटलेलं रबर बघत आपणहून सांगू लागले. गेल्याच्या गेल्या दिवाळीत हेच काम त्यांनी करून घेतलं होतं. सर्व्हिस सेंटरवाले गिऱ्हाइकाला काचेपलीकडे बसवतात, आत काय घालतात कळत नाही, म्हणून नाना पेठेतून अस्सल बुश स्वतः निवडून आणले आणि रस्त्याकडेच्या एका फिटरला घराखाली बोलावला. त्याने जॅक लावला, जुने काढले, नवे घातले. बोल्ट मात्र तो अर्धवटच फिरवून ठेवत होता, गाडी खाली घेतल्यावर आवळतो म्हणत होता. बाबांना वाटलं, हा विसरणार किंवा चुकवणार. 'मी त्याला म्हटलं, गाडी खाली घ्यायच्या आधी सगळं माझ्यासमोर घट्ट करायचं. तो नको म्हणत होता. मी टॉर्च धरून उभा राहिलो.' एवढं बोलून त्यांनी आर्म पुन्हा पेपरवर, होता त्याच जागी ठेवला.

माझं ते चांगलं वाक्य मी बोललो नाही. का ते मलाच माहीत नाही. समोरच्याला आधीच लागलेलं असताना बोलायची मला सवय नाही.

कामाचं सांगतो. दोन्ही आर्म काढलेलेच होते. बुश हाताने निघत नाहीत, गुलटेकडीला एकाकडे प्रेस आहे, तिथे दाबून जुने काढले आणि नवे बसवले. बसवताना ऑइल लावायचं नसतं, रबर खराब होतं, साबणाचं पाणी लावतात. बाबा सगळीकडे सोबत होते, प्रेसवाल्याकडेही, आणि त्यालाही त्यांनी आपण काय करताय असं दोनदा विचारलं. आर्म परत चढवले, बोल्ट नुसते लावले, चाकं घातली, गाडी उतरवली. नागोराव आणि मी पुढून गाडी दाबून दाबून बसवली. मी खड्ड्यात उतरलो तेव्हा बाबा वरून वाकून म्हणाले, 'टॉर्च हवाय?' मी हो म्हटलं. खरं तर तिथे दिवा आहे. मग चाकांची अलाइनमेंट करून घेतली. आता आवाज नाही.

शेवटी ट्रायल घेतली. बाबा म्हणाले तुम्ही चालवा, आणि स्वतः डावीकडे बसले, काकू बसल्या होत्या त्या जागी. अप्पर इंदिरानगरच्या उतारावर मागे कुणी नाही असं बघून मी जोरात ब्रेक दाबला. गाडी सरळ रेषेत थांबली. ते म्हणाले, पुन्हा. मी पुन्हा दाबला. स्टिअरिंगवरून हात किंचित उचलून दाखवला, तरी सरळ. ते म्हणाले, अजून एकदा. त्यानंतर मी गाडी कडेला घेतली, कारण त्यांना रुमाल सापडत नव्हता. मग ते समोर बघत म्हणाले, 'दत्तप्रसाद, अपूर्वाला हे तुम्ही लिहा.' पहिल्या दिवशीच ओळखलं होतं त्यांनी. मी म्हटलं, तुम्ही सांगा ना, तुम्ही वडील आहात. 'म्हणूनच. मी सांगितलं तर तिला वाटेल बाबा समजूत काढतायत. तुम्ही तिला बरं वाटावं म्हणून कधी एक शब्द बोलला नाहीत, ही तिची तक्रार होती. घरात आम्ही वर्षभर ऐकलीय. तुमच्यावर विश्वास ठेवील. आणि बोल्ट कुणी आवळायला लावले तेही लिहा. गाळू नका.' मी गाळलं नाही. पत्र येईल त्या दिवशी ते घरी तुझ्यासमोर काही बोलणार नाहीत असं मला म्हणालेत, तू पत्र वाचून होईपर्यंत बाल्कनीत जाऊन बसतील, तेव्हा वाचून झालं की तूच उठ आणि त्यांच्याकडे जा. गाडी विकायची नाही असं नागोरावांना सांगून गेलेत. हे पत्र त्यांच्या सांगण्यावरून लिहिलं. यापुढचा एक शब्द मात्र त्यांनी सांगितलेला नाही, तो माझा मी लिहितोय.

तुझाच,
दत्तप्रसाद