नाजिमाचा यू-टर्न

येरवडा, पुणे ६
मंगळवार, दुकानात बसून

भीमराव,

जय भीम. तुझा न आलेला सलाम पोचला असं धरून वालेकुम सलाम. तुझी तब्येत बरी असेल, डावा गुडघा कुरकुरत का होईना पण चालत असेल, बीपीची गोळी तू न चुकता घेत असशील आणि जयासूनबाईंनी चहातली साखर अजून बंदच ठेवली असेल, अशी आशा करतो. इकडे सगळं ठीक आहे. (ठीक नाही. पण पत्राची सुरुवात अशीच करायची असते हे चौथीत आपल्या दोघांना एकाच बाकावर बसवून बाईंनी शिकवलं होतं. तू तर पुढे पोस्टमन होऊन जन्मभर लोकांची पत्रं वाटलीस, तेव्हा तुला मी काय सांगणार.)

वाघोली ते येरवडा अकरा किलोमीटर. एकाच रस्त्यावर अकरा किलोमीटरवर राहणाऱ्या माणसाला टपालाने पत्र धाडणारा मी पुण्यातला पहिलाच इसम असेन. पण करू काय? तू बत्तीस दिवस फोन उचलत नाहीस. जयाला विचारलं तर म्हणते, बाबा खोलीत बसून असतात, दोन घास खातात, आणि अकबरचाचांचं नाव काढलं की भिंतीकडे तोंड करून झोपतात. (भिंतीकडे तोंड करून झोपायला तू काय नवी नवरी आहेस?) स्वतः उठून तुझ्याकडे यावं तर मध्ये आपला नगर रस्ता. पत्राचं एक बरं असतं, ते खराडीला तीन तास अडकलं तरी त्याला लघवीला लागत नाही. नाजिमाला जाऊन आज बत्तीस दिवस झाले, आणि तेवढेच दिवस तू तोंड लपवून बसला आहेस. का, तर भाभीच्या मातीला वेळेवर पोचला नाहीस. म्हणून त्या दिवशी काय झालं ते सगळं लिहितो. उशीर तुला एकट्यालाच झाला नव्हता, एवढं तुला कळलं तरी पुरे.

पहाटे पाचला तिने चहा मागितला. मी केला. घोटभर घेतला, फिका आहे म्हणाली, आणि गेली. बेचाळीस वर्षांचा संसार आणि शेवटचा शेरा माझ्या चहावर. मी कप हातात धरून किती वेळ बसलो मला माहीत नाही. फैझलने येऊन तो माझ्या हातातून काढून घेतला. मग सगळ्यांना फोन, त्यात तुला करायला आठ वाजले, आणि तू नेहमीसारखा म्हणालास, निघालोच. तुझं "निघालोच" आणि नगर रस्ता या दोघांना मी चांगला ओळखून आहे, म्हणून माती दुपारच्या नमाजनंतर ठेवली. दहाला तुझा फोन आला, खराडी बायपास. बाराला आला, खराडी बायपास. कोणीतरी कंटेनर आडवा करून ठेवला होता म्हणे. एक वाजता तू म्हणालास, चंदननगर दिसतंय. त्यानंतर तुझा फोन बंद. (रात्री चार्जिंगला लावत जा, हे नाजिमा तुला किती वर्षं सांगत होती!)

आता आमचा प्रकार ऐक. मशीद रस्त्याच्या अलीकडे, कबरस्तान पलीकडे, हे तुला माहीत आहेच. दुभाजकाला मशिदीसमोर तोंड होतं, सिग्नल होता, आपली माणसं पिढ्यान् पिढ्या पाच मिनिटांत पलीकडे जात होती. मध्यंतरी बसची वेगळी मार्गिका आली, मग ती गेली, कठडे लागले, मग कठडे निघाले, आणि तू वाघोलीला राहायला गेल्यावर एक दिवस ते तोंडच बुजवून टाकलं. सिग्नलही गेला. ज्याला पलीकडे जायचं असेल त्याने नऊशे मीटर पुढे जायचं आणि यू-टर्न घेऊन नऊशे मीटर मागे यायचं. (मेट्रोसुद्धा रामवाडीपर्यंत येऊन थांबली आहे. पुढे वाघोलीकडे सरकायची तिचीही छाती होत नसावी.) धडधाकट माणसं दुभाजकावरून टांग टाकून जातात. पण जनाजा खांद्यावर घेऊन टांग कशी टाकणार? मशिदीच्या दारात चाळीस माणसं उभी, खांद्यावर नाजिमा, समोर साठ फुटांवर कबरस्तानचं फाटक दिसतंय, आणि जाता येत नाही. फैझल म्हणाला, अब्बा, गाडी बोलावतो, दहा मिनिटांत पोचू. मी म्हटलं, गाडी नाही, माझी बायको खांद्यावरून जाईल, यू-टर्न घेऊन जाईल. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मौलाना हळूच म्हणाले की मय्यतीला उशीर करू नये, लवकर न्यावं. मी ऐकलं नाही. म्हाताऱ्याचं डोकं फिरलंय असं वाटून कोणी वाद घातला नाही, आणि आमचा जनाजा नगरच्या दिशेने निघाला.

भीमराव, पुण्यात नियम पाळून यू-टर्न घेणारा त्या दिवशीचा एकमेव घोळका म्हणजे आम्ही. समोरून उलट्या दिशेने दोन मोटारसायकली आल्या, आणि आम्ही त्यांच्या वाटेत आहोत म्हणून त्यांनीच कपाळाला आठ्या घातल्या. जनाजा दिसला की चार पावलं खांदा द्यायचा, त्याने पुण्य लागतं, हा आपल्या लोकांचा रिवाज. एरवी रस्त्यावर कोणाला वेळ असतो? पण त्या दिवशी सगळंच तुंबलेलं, गाड्या बंद करून माणसं नुसती उभी. मग येऊ लागली. जेवण पोचवणारा एक जण आला, पाठीवरची ती चौकोनी पेटी तशीच ठेवून, आणि प्रत्येक वळणाला ती पेटी मागच्या माणसाच्या नाकावर आपटत होती. एक उंच सरदारजी ट्रकमधून उतरले. त्यांनी खांदा दिला तेव्हा डावी बाजू इतकी वर गेली की उजवीकडच्या आमच्या बुटक्या मेहुण्यांच्या खांद्यावर सगळा भार, आणि नाजिमा आता घसरते की काय म्हणून मी खालून दोन्ही हात लावून चाललो. (तिला आयुष्यात कधी मी असा हात लावून सावरलं नव्हतं, सावरायचं काम तिचं.) यू-टर्नच्या जागी शिट्टीवाला उभा होता. त्याने सवयीने आम्हाला थांबा म्हणून हात दाखवला, मग काय आहे ते दिसल्यावर टोपी काढली, आणि सगळ्या गाड्या रोखून धरल्या.

वळून परत येताना मागे एक पांढरी गाडी सारखा हॉर्न वाजवत होती. माझं टाळकं फिरलं. मी थांबून मागे वळलो, म्हटलं आता याला पुणेरी भाषेत दोन शब्द सुनावतो. तेवढ्यात आतला माणूस उतरला, पँटशर्टातला साहेब, त्याने खिशातला रुमाल डोक्यावर बांधला, सॉरी काका म्हणाला आणि फाटकापर्यंत खांदा सोडला नाही. त्याची गाडी मात्र तशीच रस्त्याच्या मधोमध, दार उघडं. तिच्या मागे जी रांग लागली ती बघायला मी थांबलो नाही.

एकूण पाच मिनिटांचं काम पाऊण तासात झालं. कबरीपाशी मी आणखी थोडा वेळ काढला, चिरे नीट लावा, इकडून भुसभुशीत आहे, असलं काहीतरी बोलत. शेवटी मौलानांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. मग तीन मुठी माती घातली आणि घरी आलो. तू आला नाहीस, पण त्याचं मी काही मनात ठेवलेलं नाही, रागावलेलो तर मुळीच नाही. मी दर शुक्रवारी जाऊन येतो, कबर चांगली आहे, डोक्याशी तुळशीसारखं ते सब्जाचं रोप लावलंय. दुकान चालू आहे, रिक्षांच्या सीटा फाटायच्या थांबलेल्या नाहीत. हे पत्र सहज म्हणून लिहिलं. चाळिसावा पुढच्या बुधवारी आहे, जमलं तर बघ, घाई काही नाही. जयासूनबाईंना आशीर्वाद.

तुझा,
अकबर

ता. क. : तुला एक गोष्ट सांगायची राहिली, आणि ती वाचताना तू बसलेला असावास. त्या दिवशी आम्ही घरी गेल्यावर तू विमाननगरला बसमधून उतरून, त्या गुडघ्यासकट, चालत कबरस्तानात आलास, हे मला आठवड्याने कळलं. मेट्रोत का बसला नाहीस हे विचारत नाही, मीही अजून बसलेलो नाही. तू शहाबाजला, कबरी खोदणाऱ्याला, भाभीची कुठली म्हणून विचारलंस. तो जेवत होता, त्याने लांबूनच हात केला, ती नवी. भीमराव, त्या दिवशी नव्या कबरी दोन होत्या. तू डावीकडच्या कबरीला माती दिलीस, हात जोडून त्रिसरण म्हटलंस आणि लहान मुलासारखा रडलास. ती इस्माईलभाई बागवानांची कबर. मार्केट यार्डात फळांचा गाळा होता त्यांचा, आणि अख्ख्या यार्डात त्यांचं ज्याच्याशी भांडण नाही असा हमालही नव्हता. मातीला चौदा माणसं आली होती, त्यातली अर्धी खात्री करून घ्यायला. चाळीस वर्षं तू या वस्तीत एक पत्र चुकीच्या दारात टाकलं नाहीस, आणि हे टाकलंस! पुढचं ऐक. त्यांचा मुलगा मुश्ताक विसरलेली टोपी न्यायला परत आला होता, त्याने तुला फाटकातून पाहिलं. शहाबाजने तुझं नाव सांगितलं, तेव्हा तो मला शोधत दुकानात आला. म्हणाला, चाचा, आमच्या अब्बांसाठी घरातलंही कोणी रडलं नाही, मीसुद्धा नाही, आणि हे कोण बुजुर्ग एवढे रडत होते? माझ्या तोंडून खरं बाहेर पडेना. मी सांगितलं, भीमराव त्यांचे जुने मित्र, आंब्याच्या दिवसांत ओळख झाली होती. मुश्ताक माझ्या शिवणयंत्रावर डोकं टेकून रडला. चाळिसाव्याला तोही येणार आहे. तेव्हा इस्माईलभाईंबद्दल दोन चांगल्या गोष्टी तयार करून ये. मला एकही सुचलेली नाही.

ता. क. दुसरा : वर रागावलेलो नाही असं लिहिलं, ते खोटं. शहाबाज दुकानात येऊन सांगेपर्यंत आठवडाभर मी तुला येतील त्या शिव्या घातल्या. खांद्यावरून नेण्याचा हट्ट, यू-टर्न, चिऱ्यांची नाटकं, ते सगळं तुझ्यासाठी होतं रे. म्हटलं, चंदननगरला आहे, पाऊण तास मिळाला तर पोचेल. धर्माने जे करू नको सांगितलंय ते मी बायकोच्या मय्यतीत केलं. आणि आता हिशोब जुळतोय तो असा, की तू रामवाडीच्या मागे ज्या रांगेत अडकलास तिच्या तोंडाशी आम्हीच होतो, ती पांढरी गाडी आणि मी. तुला वेळ मिळावा म्हणून मीच तुझी वाट अडवून बसलो होतो. तेव्हा उशिराची लाज तू एकट्याने खायची नाही, अर्धी माझी. आणि मातीचं म्हणशील, तर माझ्या तीन मुठी झाल्यावर मी आणखी तीन घातल्या आणि मनात तुझं नाव घेतलं. मौलानांनी पाहिलं आणि थोडे बाजूला सरकले. तुझी माती तिला पोचली आहे.

ता. क. तिसरा, पाकीट बंद करण्याआधी : दर शुक्रवारी जातो असं लिहिलं तेही खोटं. मी त्या दिवसानंतर एकदाही गेलेलो नाही. रोप फैझलने लावलं. हा रस्ता मी लग्न झाल्यापासून कधी एकट्याने ओलांडला नाही, भीमराव. बँक पलीकडे, दवाखाना पलीकडे, ती पुढे आणि मी मागे तिच्या ओढणीचं टोक धरून. लोकांना वाटायचं, मी तिला जपतोय. त्या दिवशी गेलो तोही तिच्याच मागे. रोज चार वाजता दुकान ओढून घेतो, कडेला जाऊन उभा राहतो, समोर फाटक दिसतं, पाय उचलत नाही, परत येतो. फैझलला सांगायची लाज वाटते. तू चाळिसाव्याला येऊ नकोस, त्याआधीच ये, उद्या ये, मला तिच्याकडे घेऊन चल.