नऊ डोकी

४ मार्च, मंगळवार
घरी येऊन आठवडा झाला. वजन दोन किलो वाढलं! आज लष्करी डॉक्टरांकडे पहिली खेप. झोप? झकास. भूक? विचारू नका. राग? तो बायकोला विचारा! हसले बिचारे. पुढच्या बुधवारी 'फिट'चा शिक्का मारला की मी परत आघाडीवर. बायको म्हणते, त्यांना खरं काय ते सांग. खरं काय सांगायचं? टुणटुणीत आहे मी.

६ मार्च
जेवायला बसताना घरातली डोकी मोजली. मोठ्याने! आघाडीवर ते माझंच काम – तुकडी नऊ जणांची. कुठूनही निघताना मी मोजायचं, "नऊ" म्हणायचं, मगच गाडी हलायची. आमचा लंबू म्हणायचा, तू मोजलंस की मला कळतं, मी अजून जिवंत आहे. आई म्हणाली, मोज बाबा, कुणी पळून जायच्या आत.

८ मार्च
लेकीच्या वर्गातल्या काही मुलींची सहल, तळ्यावर. बाईंना सोबत एक पालक हवा होता, मी एका पायावर तयार. गाडीत चढताना मोजणी, उतरताना मोजणी. बाई खूश. मुलींनी माझं नाव ठेवलं – हजरीकाका. मजा आली.

९ मार्च
काल अर्धंच लिहिलं.
परत निघताना मोजल्या – आठ. म्हटलं, एक कमी आहे, गाडी थांबवा. तळ्याभोवती दोन फेऱ्या पळालो. झुडपं धुंडाळली. बुटांसकट पाण्यात उतरलो. बाई यादी नाचवत काठाकाठाने मागे, ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय – मी ऐकतोय कशाला! शेवटी लेक पाण्यात आली, माझा शर्ट धरला.
"बाबा, आम्ही सकाळपासून आठच आहोत."
खरंच की! सकाळी मीच मोजल्या होत्या.
गाडीत सगळ्या खो खो हसल्या. सगळ्यात जास्त मी. लेक तेवढी हसली नाही. घर येईपर्यंत तिने माझा हात सोडला नाही.

१० मार्च
अक्षर म्हणजे नुसते कोंबडीचे पाय. गार पाण्यात उतरलो, त्याचं असेल.

१२ मार्च, बुधवार
डॉक्टरांनी शिक्का उचलला. मी त्यांचा हात धरला.
सांगून टाकलं. माघार घेताना गोळे पडत होते. मी आठ मोजले. लंबू नव्हता. मी मोठ्याने म्हणालो, "नऊ. चला."